स्मृतिभ्रंश, स्मृतिलोप, स्मृतिभ्रम: तीन शब्द, तीन आजार

प्रश्न असा आला आहे: ‘डिमेन्शियाला मराठीत कुणी स्मृतिभ्रंश लिहितं, कुणी स्मृतिभ्रम, कुणी नुसतं विस्मरण. हे सगळे एकच का? आणि ‘स्मृति’ ऱ्हस्व की दीर्घ?’

आधी लेखनाचं बघू. शब्द एकटा आला की मराठीत तो दीर्घ: स्मृती, बुद्धी, गती. तत्सम समासात तो पहिला आला की संस्कृतातल्याप्रमाणे ऱ्हस्व राहतो: स्मृतिचिन्ह, बुद्धिबळ, गतिरोधक. म्हणून ‘स्मृतिभ्रंश’ बरोबर, ‘स्मृतीभ्रंश’ चूक.

आता अर्थ. ‘भ्रंश्’ हा धातू निसटण्याचा, जागेवरून खाली येण्याचा. अपभ्रंश, भ्रष्ट हे त्याच घरातले. आयुर्वेदात गुदभ्रंश म्हणजे गुदद्वाराचा भाग जागा सोडून बाहेर येणं. ‘भ्रम्’ हा धातू मात्र भटकण्याचा, गरगरण्याचा. भ्रमण, भ्रमर, भ्रमिष्ट त्याच्याकडचे. दोन्ही शब्द शेजारीशेजारी बघायचे तर गीतेच्या दुसऱ्या अध्यायातला ६३ वा श्लोक घ्यावा: ‘क्रोधाद्भवति संमोहः संमोहात्स्मृतिविभ्रमः । स्मृतिभ्रंशाद्बुद्धिनाशो बुद्धिनाशात्प्रणश्यति ॥’ पण तिथली स्मृती म्हणजे काल काय जेवलो याची आठवण नव्हे. आपण कोण, आपलं काय चाललंय याचं भान, असा तो अर्थ आहे. अठराव्या अध्यायात अर्जुन ‘स्मृतिर्लब्धा’ (भान परत आलं) म्हणतो तेही याच अर्थानं. म्हणजे आजाराचं नाव म्हणून आपण वापरतो तो स्मृतिभ्रंश जुन्या शब्दाला दिलेलं नवं काम आहे.

हे काम त्याला पूर्ण पेलतं का? नाही. डिमेन्शिया या लॅटिन शब्दात आठवण कुठेच नाही. ‘मेन्स’ म्हणजे मन, बुद्धी, आणि ‘दे’ म्हणजे तिथून दूर. या आजारात भाषा, हिशेब, दिशांचं भान, निर्णय, वागणं यांतलं बरंच काही ढासळतं आणि रोजचे व्यवहार एकट्यानं जमेनासे होतात. अल्झायमरमध्ये बहुधा आठवण आधी जाते. पण मेंदूच्या कपाळामागच्या भागापासून सुरू होणाऱ्या प्रकारात आठवण बऱ्यापैकी शाबूत असते आणि माणूस विचित्र, बेपर्वा वागू लागतो. ‘त्यांना तर सगळं आठवतं, मग स्मृतिभ्रंश कसा?’ असं म्हणत घरचे डॉक्टरांकडे जायचं लांबवतात. इथे शब्दच आड येतो.

मग ‘बुद्धिभ्रंश’ का नको? व्युत्पत्तीला तो जास्त जवळचा आहे. पण ‘बुद्धी भ्रष्ट झाली’ हे आपण आजाऱ्याला म्हणत नाही, चुकीचं वागणाऱ्याला म्हणतो. ‘म्हातारचळ’ आणि ‘साठी बुद्धी नाठी’ यांचंही तेच (नाठी म्हणजे नष्ट झालेली). पूर्वी जपानमध्ये या आजाराच्या नावात मूर्खपणाचा अर्थ होता. तिथल्या सरकारनं २००४ मध्ये ते बदलून ‘आकलनाचा आजार’ अशा अर्थाचं नाव घेतलं. आपल्याकडे रुळलेला स्मृतिभ्रंश अपुरा असला तरी अपमान करत नाही. तो टिकावा, आणि त्याचा अर्थ आठवणीपेक्षा मोठा आहे हे दर वेळी सांगावं.

‘स्मृतिलोप’ मात्र वेगळा ठेवावा, तो ॲम्नेशियासाठी. पाणिनीनं लोपाची व्याख्या ‘अदर्शनं लोपः’ अशी केली आहे. बाकी शब्द जागेवर, एक अक्षर तेवढं दिसत नाही. ॲम्नेशियातही बुद्धी, भाषा, वागणं ठीक असतं आणि आठवणीचाच तुकडा दिसेनासा होतो. १९५३ मध्ये अमेरिकेत हेन्री मोलेसन यांच्या मेंदूच्या दोन्ही बाजूंचा कानशिलाकडचा आतला भाग फिट्ससाठी काढला गेला. त्यानंतर त्यांच्या नव्या आठवणी टिकेनाशा झाल्या. मानसशास्त्रज्ञ ब्रेंडा मिलनर यांनी त्यांना आरशात बघून चांदणीची आकृती गिरवायला दिली. रोज चुका कमी होत गेल्या, पण आपण हे आधी केलंय हे त्यांना दर वेळी नवंच असायचं. मराठीत हे एका वाक्यात बसतं: हात बसला, आठवण बसली नाही. ‘अंगवळणी पडणं’ आणि ‘आठवणं’ या दोन वेगळ्या गोष्टी आहेत हे आपल्या बोलीला आधीपासून ठाऊक होतं.

मानसिक धक्क्यानंतरच्या स्मृतिलोपाची तऱ्हा बहुधा उलटी. माणूस स्वतःचं नाव, मागचं आयुष्य विसरतो, पण नवं लक्षात ठेवू शकतो. मेंदूच्या इजेत नाव सहसा जात नाही. नैराश्यासाठी विजेचे उपचार घेतल्यावर त्या आठवड्यांच्या आसपासचं काही पुसतं. नवं लक्षात ठेवण्याची क्षमता बहुतेकांत काही आठवड्यांत सावरते, जुन्या काही फटी मात्र राहू शकतात.

‘स्मृतिभ्रम’ हा शब्द मी डिमेन्शियासाठी मुळीच वापरणार नाही. त्याला स्वतःचं चोख काम आहे: न घडलेलं घडलं असं खरोखर आठवणं. कोर्साकोव्ह या रशियन डॉक्टरांनी १८८७ मध्ये वर्णन केलेल्या आजारात हे ठळक दिसतं. दीर्घकाळचं दारूचं व्यसन किंवा अनेक दिवसांच्या उलट्या यांमुळे थायमिन, म्हणजे बी-१ जीवनसत्त्व संपतं आणि आठवणीतल्या फटी मन आपोआप भरू लागतं. पलंगावरून न हललेला रुग्ण ‘सकाळीच बाजारात जाऊन आलो’ म्हणतो. घरचे ‘बाता मारतो’ म्हणतात, पण फसवण्याचा हेतू नसतो. अशा रुग्णाला थायमिन न देता नुसतं ग्लुकोज चढवलं तर उरलंसुरलं थायमिनही खर्ची पडतं, म्हणून इंजेक्शनचा क्रम महत्त्वाचा.

चौथी अवस्था वेगळीच: डेलिरियम. जुनी मराठी त्याला ‘वात होणं’ म्हणते, तापात वात झाला, वातात बडबडतोय. काही तासांत किंवा दिवसांत सुरू होतं, दिवसभरात कमी-जास्त होतं, लक्ष एका जागी टिकत नाही. म्हाताऱ्या माणसात लघवीचा संसर्ग, सोडियम घसरणं, नवी झोपेची गोळी एवढंही कारण पुरतं. याला स्मृतिभ्रंश समजून ‘वयच झालं’ म्हणणं धोक्याचं. त्याच दिवशी दवाखाना गाठावा.

राहिलं ‘विस्मरण’. ते लक्षण आहे, आजाराचं नाव नव्हे. डॉक्टरांना सांगताना ‘विसरतात’ एवढ्यावर थांबू नये, कारण मराठीत तीन नेमकी वाक्यं आहेत. ‘लक्षात राहत नाही’ म्हणजे आत शिरतच नाही. नैराश्यात, चिंतेत, झोप कमी असताना असं होतं. ‘ओठांवर आहे, आठवत नाही’ म्हणजे आत आहे, बाहेर येत नाही. ‘असं काही सांगितलंच नव्हतं’ म्हणजे साठवणच झाली नाही. आठवण, लक्ष, भाषा तपासणाऱ्या माँट्रियल चाचणीत पाच शब्द दोनदा वाचून दाखवतात आणि पाचेक मिनिटांनी विचारतात. न आठवल्यास ‘ते एक फूल होतं’ असा धागा देतात. त्याला गुण नसतात, पण धागा देताच शब्द आला तर नैराश्य किंवा पार्किन्सनसारखं काही सुचतं. धाग्यानंही नाही आला तर अल्झायमरची शंका बळावते. निदान एकट्या चाचणीवर होत नाही. बी-१२, थायरॉइड आणि चालू गोळ्यांची यादी तपासावीच लागते, कारण यांतलं विस्मरण बऱ्याचदा सुधारतं.

एक विशेषणही टाळावं: ‘स्मृतिभ्रष्ट’. व्याकरणानं ते बरोबर आहे, पण ‘भ्रष्ट’ला आज लाचखोरीचा वास आहे. ‘स्मृतिभ्रंश झालेल्या आजी’ असं लिहावं.