केनन वाचायचा तर टेलिग्रामवर थांबू नकोस

तुझा मेल मिळाला, उत्तराला उशीर झाला त्याबद्दल सॉरी, घरी पाहुणे होते. अमेरिकी मुत्सद्दी जॉर्ज केननवरचा तुझा ड्राफ्ट वाचला. त्यात १९४६ चा लाँग टेलिग्राम आहे, मॉस्कोतून सोव्हिएत धोरणाबद्दल वॉशिंग्टनला पाठवलेली त्याची लांबलचक तार, १९४७ चा 'एक्स' या नावाने छापलेला लेख आहे, आणि तिथून उडी थेट कोल्ड वॉरवर. अरे, हा माणूस १०१ वर्षं जगला, २००५ मध्ये गेला, आणि त्याचं सगळं तू दोन कागदांत उरकलंस!

कंटेनमेंटबद्दल, म्हणजे सोव्हिएत विस्ताराला रोखून धरायच्या त्याच्या धोरणाबद्दल, तू लिहिलंयस की केननला लष्करी अर्थ नकोच होता, वॉशिंग्टननेच तो लावला. हे त्याचं स्वतःचं म्हणणं आहे, १९६७ च्या आठवणींमधलं, म्हणजे वीस वर्षांनी केलेला खुलासा, आणि आपली बाजू मांडायला बसला की कोणीही थोडा वकील होतोच. मूळ 'एक्स' लेख काढ आणि 'काउंटरफोर्स' (विरोधी बळ) हा शब्द कुठे येतो ते बघ, मग सांग की वाचणाऱ्याने सैन्य नाही तर काय समजायचं होतं. अमेरिकी स्तंभलेखक वॉल्टर लिपमनने १९४७ मध्येच लेखाची चिरफाड केली होती, तेही शेजारी ठेवून वाच. मी तुझ्या वयात हे केलं नाही, केननचा खुलासा जसाच्या तसा उतरवला आणि व्हायव्हात गप्प बसायची वेळ आली.

आणि गंमत बघ, शब्दांनी त्याला पुन्हा गोत्यात आणलं. १९५२ मध्ये मॉस्कोत राजदूत होता, बर्लिनच्या विमानतळावर पत्रकारांना बोलून गेला की मॉस्कोतलं जगणं म्हणजे युद्धात नाझींनी आम्हा अमेरिकी मुत्सद्द्यांना डांबलं होतं तसंच, झालं, सोव्हिएत सरकारने परत येऊच दिलं नाही.

माझ्या मते खरा केनन त्यानंतर प्रिन्स्टनमध्ये बसून इतिहास लिहिणारा. 'रशिया लीव्ज द वॉर' घे, १९५६ चं, पुलित्झर मिळालेलं. नोव्हेंबर १९१७ ते मार्च १९१८, बोल्शेविक क्रांतीपासून रशिया पहिल्या महायुद्धातून बाहेर पडेपर्यंत, एवढ्याच महिन्यांवर जाडजूड खंड! तेव्हाच्या रशियाच्या राजधानीत, पेट्रोग्राडमध्ये, अमेरिकेचा राजदूत फ्रान्सिस एकीकडे, रेड क्रॉसचा रॉबिन्स परस्पर लेनिन-ट्रॉट्स्कीला भेटतोय, आणि वॉशिंग्टनला धड काहीच कळत नाहीये. स्वतः दूतावासात टेबलावर बसलेल्या माणसालाच हा गोंधळ असा दिसतो. त्याच वर्षी त्याने सिसन कागदपत्रं खोटी ठरवली, लेनिन जर्मनांचा एजंट म्हणून अमेरिकी सरकारने १९१८ मध्ये छापलेली ती. एक मुद्दा काय, तर वेगवेगळ्या ऑफिसांची म्हणून दाखवलेली पत्रं एकाच टाइपरायटरवर टाइप झालेली! आर्काइव्हमध्ये बसायचं ते असं, मोठ्या थिअरीआधी कागद नीट बघायचा.

शेवटच्या पानावर १९९७ चा नाटो विस्ताराविरुद्धचा लेख टाकलायस आणि 'द्रष्टा' म्हटलंयस. तो शब्द काढ. लेख ठेव, पण त्याला ज्योतिषी बनवू नकोस, त्याच माणसाच्या डायरीत सामान्य लोकांबद्दल, इतर वंशांबद्दल काय काय आहे तेही वाच, त्रास होईल, पण वाच.

पुढचा ड्राफ्ट त्या खंडाची निदान दोनशे पानं झाल्यावरच पाठव, आणि प्लीज, यावेळी फॉन्ट मोठा ठेव.