वाचक विचारतात: आरमार महाराजांचं, मग नौदल दिन 4 डिसेंबरलाच का?

प्रश्न: दरवर्षी 4 डिसेंबर आला की आमच्या सोसायटीच्या ग्रुपवर तोच वाद. आरमार उभारलं शिवाजी महाराजांनी, मग नौदल दिन 1971 च्या लढाईच्या तारखेला का? (एक वाचक, कोथरूड)

उत्तर: आधी एक गोष्ट क्लिअर करू, नौदल दिन हा नौदलाचा वाढदिवस नाहीच. वायुदलाचा 8 ऑक्टोबर हा स्थापनेचा दिवस, 1932 चा. सेना दिन 15 जानेवारीला, कारण 1949 मध्ये त्या दिवशी करिअप्पांनी इंग्रज सेनाप्रमुखाकडून सूत्रं घेतली. नौदलाने मात्र पराक्रमाचा दिवस निवडला, आणि मला तो अगदी योग्य वाटतो.

त्या रात्रीचं थोडं सविस्तर सांगते. 3 डिसेंबरच्या संध्याकाळी पाकिस्तानने आपल्या विमानतळांवर हल्ले केले आणि दुसऱ्याच रात्री निपात, निर्घात आणि वीर या तीन मिसाइल बोटी कराचीवर चालून गेल्या. बोटी रशियन बनावटीच्या, आकाराने लहान, आपला किनारा राखायला घेतलेल्या, एवढ्या लांब जायचा त्यांचा आवाकाच नव्हता, पण मोठ्या जहाजांनी त्यांना ओढत पुढे न्यायचं अशी शक्कल निघाली आणि नौदलप्रमुख अॅडमिरल नंदांनी ती उचलून धरली. सोबतीला किल्टन आणि कच्छल ही दोन जहाजं होती. दिवसा पाकिस्तानी विमानांच्या टप्प्याबाहेर थांबायचं आणि अंधार पडला की आत घुसायचं असा बेत, कारण रात्रीच्या अंधारात जहाजांवर मारा करू शकतील अशी विमानं समोर नव्हती. निर्घातने खैबर ही विनाशिका बुडवली, वीरने मुहाफिझ ही सुरुंग काढणारी नौका, आणि निपातने एक मालवाहू जहाज टिपून कराची बंदरातल्या केमारीच्या तेलटाक्यांवरही मारा केला. खैबरवरच्या लोकांना शेवटपर्यंत वाटत होतं की हा विमानांचा हल्ला आहे! आपला एकही माणूस न गमावता सगळे परत आले, आणि या बोटींच्या स्क्वाड्रनचे प्रमुख कमांडर बबरू भान यादव यांना महावीर चक्र मिळालं.

आता महाराजांकडे येऊ. नौदल आपली कागदोपत्री वंशावळ 1612 पासून सांगतं, म्हणजे ईस्ट इंडिया कंपनीने सुरतेच्या व्यापारासाठी जहाजं ठेवली तेव्हापासून, मग बॉम्बे मरीन, 1934 ला रॉयल इंडियन नेव्ही, आणि 26 जानेवारी 1950 ला त्यातलं रॉयल गेलं. हे ऐकून आपल्याकडे लोक चिडतात, पण मराठी आरमाराची परंपरा आजपर्यंत सलग का आली नाही याचं उत्तर थोडं आपल्या पुण्यातच आहे. कान्होजी आंग्रे 1729 ला गेले, घरात भाऊबंदकी माजली, पेशव्यांशी बिनसलं आणि फेब्रुवारी 1756 मध्ये विजयदुर्गाच्या बंदरात तुळाजी आंग्र्यांचं आरमार इंग्रजांच्या माऱ्यात जळून गेलं. तेव्हा इंग्रजांच्या बाजूने जमिनीवर कोण होतं, तर नानासाहेब पेशव्यांची फौज. पुढे धुळप घराण्याने पेशव्यांचं आरमार चांगलं सांभाळलं, पण दर्यावर इंग्रजांना रोखणारी ती जुनी ताकद परत आली नाही. शनिवारवाडा बघायला जाल तेव्हा मुलांना हेही सांगा, फक्त अटकेच्या झेंड्याचं नको.

तरी महाराजांचा वारसा मला त्या 4 डिसेंबरच्या रात्रीतच दिसतो. 1679 मध्ये खांदेरी बेटावर महाराजांनी किल्ला बांधायला घेतला, तो मुंबईच्या तोंडावर म्हणून इंग्रजांनी मोठी जहाजं आणून बेटाला वेढा घातला. मराठ्यांच्या होड्या लहान, उथळ पाण्यातून चालणाऱ्या. रात्री इंग्रजांना चुकवून त्या बेटावर सामान पोचवायच्या आणि मोठ्या जहाजांना त्यांच्या मागे जाता यायचं नाही. त्याच लढाईत इंग्रजांची डव्ह नावाची गुराब, म्हणजे शिडाची लढाऊ नौका, मराठ्यांनी धरली. शेवटी किल्ला उभा राहिलाच. लहान नाव, काळोख आणि शत्रूला जिथे अडचण तिथेच आपली चाल, कराचीला तरी दुसरं काय झालं? त्यामुळे ग्रुपवर दोन्ही बाजूंना सांगा, तारीख बदलायची काही गरज नाही. आणि नौदलाने महाराजांना मान दिलाच आहे. 2 सप्टेंबर 2022 ला कोचीत नवी विक्रांत ही विमानवाहू नौका दाखल झाली तेव्हा निशाणावरचा इंग्रजी क्रॉस गेला आणि महाराजांच्या राजमुद्रेवरून घेतलेला अष्टकोन आला, 2023 चा नौदल दिन तर सिंधुदुर्गजवळ तारकर्लीला झाला.

प्रश्न: माझे वडील नेव्हीत होते, ते म्हणायचे की पूर्वी नौदल दिन 15 डिसेंबरला असायचा. खरं आहे का? (एक वाचक, औंध)

उत्तर: हो ताई, खरं आहे. पहिला नौदल दिन 21 ऑक्टोबर 1944 ला झाला, ती इंग्रजांनी जिंकलेल्या ट्रफाल्गरच्या सागरी लढाईची तारीख, म्हणजे तीही इंग्रजांची. 1945 ला तो 1 डिसेंबरवर गेला, आणि तो प्रसंग माहीत असायलाच हवा. मुंबईत तलवार या नौदलाच्या तळावर समारंभाची सगळी तयारी झालेली, आणि सकाळी बघतात तर आपल्याच नौसैनिकांनी रात्रीतून भिंतींवर रंगाने लिहून ठेवलेलं, 'क्विट इंडिया', 'इन्किलाब झिंदाबाद'. पुढे 18 फेब्रुवारी 1946 ला नाविकांचं बंड पेटलं ते याच तलवारवरून. स्वातंत्र्यानंतर 15 डिसेंबर रूढ झाला आणि 1972 पासून 4 डिसेंबर.

आता त्या दिवशी मुंबईच्या नेव्हल डॉकयार्डमधल्या गौरव स्तंभाला पुष्पचक्र वाहतात, गेटवेला नौदलाचा बँड आणि बीटिंग रिट्रीट, म्हणजे सूर्यास्ताचं लष्करी संचलन, असतं. माझी एकच मागणी आहे, 9 डिसेंबरही कॅलेंडरवर लिहून ठेवा. 1971 ला त्या रात्री दीवजवळ पाकिस्तानी पाणबुडीने आपली खुकरी ही युद्धनौका बुडवली, 18 अधिकारी आणि 176 नौसैनिक गेले, आणि कॅप्टन महेंद्रनाथ मुल्ला जहाज सोडून आले नाहीत. जल्लोष जरूर करावा, पण शाळांच्या कार्यक्रमात कराची असते आणि खुकरी नसते हे मला खटकतं.

प्रश्न: पुण्यात समुद्र नाही, मुलांना नौदल दाखवायचं तर कुठे न्यावं? (एक वाचक, धनकवडी)

उत्तर: समुद्र नसला तरी नौदल आहे की! खडकवासल्याला एनडीएचे कॅडेट्स धरणाच्या पाण्यात, पीकॉक बे नावाच्या भागात, होड्या चालवायला शिकतात. लोणावळ्याचं आयएनएस शिवाजी 1945 पासून जहाजांच्या इंजिनिअरिंगचं ट्रेनिंग देतंय. दोन्हीकडे थेट गेटवर जाऊन उपयोग नाही, शाळेमार्फत परवानगीसाठी लिहून बघा. आणि सुट्टीत मालवण करा, फक्त पावसाळ्यात नको, तेव्हा सिंधुदुर्गाच्या होड्या बंद असतात.