फुटबॉल मॅनेजरमध्ये नवीन आहेस? आधी सेव्हचं समजून घे

भावा, मॅचमध्येच लाइट गेली, गेम बंद पडला आणि तुझ्या स्ट्रायकरची हॅटट्रिक उडाली म्हणतोस, पण एवढं टेन्शन नको घेऊ. मॅच चालू असताना या टीम सांभाळायच्या कॉम्प्युटर गेममध्ये सेव्हच करता येत नाही, त्यामुळे मधेच बंद पडला की त्या मॅचमधले गोल, असिस्ट, रेटिंग, कार्डं काहीच राहत नाही, शेवटच्या सेव्हपासून परत सुरू. आणि परत खेळलास की तसंच होईल असंही नाही, ३-० ने पुढे होतास ती मॅच ०-१ हरूही शकतोस (उलटंही होतं, मघाशी मोडलेला पाय यावेळी शाबूत!).

सध्या एवढंच कर:
- ऑटोसेव्ह आठवड्याला लाव आणि रोलिंग (म्हणजे आळीपाळीने वेगवेगळ्या फाइलींत) ठेव, एक फाइल करप्ट झाली तर आधीची असते.
- मोठ्या मॅचआधी आणि नंतर हाताने सेव्ह मार. शिट्टी वाजली की लगेच लॅपटॉप मिटू नको.

नवीन पोरं हमखास करतात ते म्हणजे हरायला लागलं की मुद्दाम गेम बंद करणं. कर की, कोणी अडवत नाही, पण मग सीझनअखेरीस स्ट्रायकरचे २५ गोल बघून मजा काय येणार?

अजून एक, फ्रेंडलीतले गोल लीगच्या आकड्यांत धरत नाहीत, ते गायब झालेले नसतात. आणि खेळाडूच्या मॅचेसच्या रकान्यात १२ (३) दिसलं तर १२ वेळा सुरुवातीपासून, ३ वेळा सब (बदली खेळाडू) म्हणून. डेटा हबचं (गेममधलं आकडेवारीचं पान) आत्ता डोक्यात घेऊच नको, एक सीझन काढ मग बोलू.