पाल्याचं आशियाई सॅलड: तुमचे प्रश्न, आमची उत्तरं

प्रश्न : थाई-चायनीज धाटणीचं पाल्याचं सॅलड घरी केलं की दहा मिनिटांत पानं मरगळतात आणि वाडग्याच्या तळाशी पाणी साचतं. लेट्यूस तर लक्ष्मीपुरीतून ताजा आणते. कुठे चुकतं? (राजारामपुरी)

उत्तर : पाणी दोन वाटांनी येतं. एक धुताना पानांत अडकलेलं, दुसरं मिठाने ओढून काढलेलं. सोया सॉस म्हणजे जवळजवळ मीठच. तेलही पानात झिरपतं आणि पान काळपट, लिबलिबीत होतं. त्यामुळे कोरडी पानं आणि अगदी शेवटी ड्रेसिंग, या दोन गोष्टींना पर्याय नाही.

चौघांसाठी १०० ग्रॅम लेट्यूस, ५० ग्रॅम कोवळा पालक आणि ५० ग्रॅम अगदी पातळ चिरलेला कोबी घ्या. पानं सुटी करून वाहत्या पाण्याखाली धुवा. मग पिण्याच्या पाण्यात बर्फ घालून त्यात १० ते १५ मिनिटं बुडवून ठेवा, मऊ पडलेलं पानही ताठ होतं. निथळून सुती पंचावर पसरा, सैल गुंडाळा आणि अर्धा तास फ्रीजमध्ये ठेवा. पान बोटांत धरल्यावर ओल लागली, तर अजून थांबा. ओल्या पानावर ड्रेसिंग टिकतच नाही, घरंगळून तळाशी जातं. लेट्यूस सुरीने बारीक चिरू नका. जितक्या कापलेल्या कडा, तितकं पाणी सुटणार. हाताने मोठे तुकडे करा.

ड्रेसिंगसाठी २ टेबलस्पून लिंबाचा रस, १ टेबलस्पून पातळ (लाइट) सोया सॉस, २ टीस्पून किसलेला गूळ, १ टीस्पून किसलेलं आलं, लसणाची एक ठेचलेली पाकळी आणि एक बारीक चिरलेली हिरवी मिरची. आपला कोल्हापुरी गूळ इथे साखरेपेक्षा कितीतरी छान लागतो, आंबटपणाला गोलाई येते. मात्र तो आधी रस आणि सॉसमध्ये पूर्ण विरघळू द्या, नाहीतर खडे राहतात. मग १ टेबलस्पून शेंगतेल आणि १ टीस्पून भाजलेल्या तिळाचं तेल घालून बाटलीत जोरात हलवा. वेगळं मीठ नको. चव चमच्याने चाटून ठरवू नका, लेट्यूसचं पान बुडवून खा. नुसतं ड्रेसिंग जरा जास्तच आंबट-खारट लागायला हवं, पानांवर ते सौम्य होतं.

ताटं मांडल्यावर आधी ४ टेबलस्पूनच घाला आणि हाताने हलकेच वर-खाली करा. वरून कांदापात, पुदिना, भरडलेले शेंगदाणे. दाणे आधी घातले तर सादळतात.

प्रश्न : घाण्याचं तीळतेल चालेल का? आणि कांदा-लसूण चटणी घातली तर? (शिवाजी पेठ)

उत्तर : तेल चालेल, पण ते कच्च्या तिळाचं असेल तर हवा तो खमंग वास येणार नाही. १ टेबलस्पून तीळ मंद आचेवर बदामी भाजून खलबत्त्यात अर्धवट कुटा आणि त्या तेलात मिसळा. काम होतं. कांदा-लसूण चटणी मात्र नको. तिच्यातल्या खड्या मसाल्याखाली लिंबू आणि आलं दबून जातं. तिखट हवं असेल तर सुकी मिरची कोरडी भाजून चुरा.

प्रश्न : लेट्यूस नसेल तर मेथी किंवा आंबट चुका? (कसबा बावडा)

उत्तर : दोन्ही चालतात. पचडीला घेतो तशी कोवळी मेथी मूठभरच घ्या, जास्त झाली की कडवटपणा वर येतो. चुका घेतलात तर लिंबू निम्मं करा. मुळ्याचा पाला अगदी कोवळा असेल तरच घ्या, जून पानांची लव जिभेला खरखरते. पावसाळ्यात पालेभाज्यांच्या देठांत चिखल भरलेला असतो, तेव्हा कच्चा पाला टाळलेलाच बरा. वरची दोन-तीन पानं काढलेला कोबी, काकडी आणि गाजर यांवर हेच ड्रेसिंग घाला. काकडीच्या बिया आधी चमच्याने खरवडून काढा.