वाचक विचारतात : तुरुंगातल्या बायकांवर लिहिताना

प्रश्न : तुरुंगात राहून आलेल्या बायकांवर पुस्तक लिहायचंय. आत जायची परवानगी मिळेना. सुरुवात कुठून करू?
– एक लेखिका, सोलापूर

उत्तर : परवानगीसाठी अडून बसू नका. ती मिळाली तरी कर्मचारी आसपास असताना बाई मोकळं बोलत नाही. त्यापेक्षा जिल्हा न्यायालयात जाऊन बसा. जामीन मंजूर होऊनही बाई आतच का राहते, ते तिथे कळतं. जामीनदाराचा सातबारा किंवा घरपट्टीची पावती लागते, कधी तहसीलचा ऐपतीचा दाखलाही मागतात. बिड्या वळणाऱ्या बाईच्या नावावर यातलं काय असतं? जमीन सासऱ्याची, घर नवऱ्याचं. आणि आरोपच नवऱ्याला मारल्याचा असेल, तर सासरचं कोण उभं राहणार?

सर्वोच्च न्यायालयानं ३१ जानेवारी २०२३ला यावर निर्देश दिलेत. जामीन होऊन ७ दिवसांत सुटका झाली नाही, तर कारागृह अधीक्षकानं जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाच्या (मोफत कायदेशीर मदत देणाऱ्या सरकारी यंत्रणेच्या) सचिवांना कळवायचं. असं किती वेळा कळवलं, ते माहिती अधिकारात विचारा. १० रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प, एका अर्जात एकच विषय, १५० शब्दांच्या आत. जामीन, मुलं, आजारपण सगळं एकाच अर्जात कोंबलं, तर पहिल्याच विषयाचं उत्तर देऊन बाकीच्यांसाठी वेगळे अर्ज करायला सांगू शकतात. आकडे मागा, नावं नकोत.

प्रश्न : नावं बदलली की झालं ना?

उत्तर : नाही. पेठ, घटनेची तारीख, कारखान्याचं नाव, एवढ्यावरून शेजारीपाजारी ओळखतात. हे तपशील बदला; जात मात्र बदलू नका. तुरुंगात जातीवरून कामं वाटणं सर्वोच्च न्यायालयानं ३ ऑक्टोबर २०२४ला घटनाबाह्य ठरवलं. झाडू कुणाच्या हाती दिला, भाकऱ्या कुणाकडे, हे मुद्दाम विचारा. घरी तेलुगू बोलणाऱ्या बाईशी तेलुगूतच बोला, पण दुभाषा तिच्या गल्लीतला नको. मूल ६ वर्षांपर्यंत आईजवळ आत राहू शकतं. अशा मुलाचं नाव, शाळा, फोटो काहीही छापू नका.

प्रश्न : एकीचा खटला अजून चालू आहे. रेकॉर्डिंग करू?

उत्तर : गुन्ह्याबद्दल एक शब्द विचारू नका. ‘मीच केलं’ असं ती बोलून गेली, तर ते तिच्याविरुद्ध वापरलं जाऊ शकतं आणि साक्षीला तुम्हालाच बोलावतील. बराकीतलं पाणी, पाळीच्या दिवसांतले कपडे, तुरुंगात भेटायला घरचं कोण येतं, यावर बोला. मजकूर छापण्याआधी तिच्या वकिलाला दाखवा. वकीलच नसेल तर आधी तिला विधी सेवा प्राधिकरणाकडे न्या. मोफत वकिलासाठी बायकांना उत्पन्नाची अट नाही. विधी सेवेच्या १५१०० या मदत क्रमांकावर फोन केला तरी चालतो.