गव्हर्नर गेला, संपादक राहिला

प्रिय मुक्ता,

परवा मुंबईहून आत्याच्या फोनवरून तू विचारलंस त्याचं उत्तर मी मुद्दाम लिहून पाठवतेय. दोन वाक्यांत उरकण्यासारखं ते नाही. तुझं म्हणणं असं की आपली मराठी माणसं नावांच्या बाबतीत फार हळवी. व्हीटीला शिवाजी महाराजांचं नाव दिलं, एल्फिन्स्टन रोडचं प्रभादेवी झालं. मग मुंबईच्या फोर्टात, एशियाटिक सोसायटीच्या पायऱ्यांसमोर, ‘हॉर्निमन सर्कल’ हे इंग्रजाचं नाव अजून कसं? बदलायचं राहून गेलं का?

राहून गेलेलं नाही. ते नाव आपणच दिलंय. त्या जागेचं आधीचं नाव एल्फिन्स्टन सर्कल. ज्या गव्हर्नर लॉर्ड एल्फिन्स्टनचं नाव प्रभादेवी स्टेशनला होतं, त्याचंच इथेही होतं. स्वातंत्र्यानंतर ते काढलं आणि त्या जागी बेंजामिन गाय हॉर्निमन या इंग्रज पत्रकाराचं नाव लावलं. म्हणजे एका इंग्रजाचं नाव उतरवून दुसऱ्या इंग्रजाचं चढवलं, आणि तेही समजून-उमजून. आपल्याकडच्या नामांतरांबद्दल तुला पुढे कुणी काही विचारलं, तर हे उदाहरण लक्षात असू दे.

हॉर्निमन १८७३ साली इंग्लंडमधल्या ससेक्समध्ये जन्मले. वडील ब्रिटिश आरमारात मोठ्या हुद्द्यावर होते. मुलगा पोर्ट्समथला शिकला, म्हणजे आपल्या साउथॅम्प्टनहून ट्रेनने तासाभरात पोचतो तिथे. त्याच गावातल्या वर्तमानपत्रात १८९४ साली त्यांनी बातमीदारी सुरू केली. पुढे ‘डेली क्रॉनिकल’, ‘मँचेस्टर गार्डियन’ अशा वर्तमानपत्रांत काम केलं आणि १९०६ मध्ये कलकत्त्याच्या ‘स्टेट्समन’मध्ये रुजू झाले. तेव्हा बंगालच्या फाळणीवरून रान पेटलं होतं. हॉर्निमन धोतर नेसून, अनवाणी पायांनी निषेधाच्या मिरवणुकीत चालले होते असं सांगतात.

मुंबईशी त्यांची गाठ पडली १९१३ मध्ये. फिरोजशहा मेहतांना आपल्या बाजूचं एक भक्कम इंग्रजी दैनिक हवं होतं, कारण शहरातली मोठी इंग्रजी पत्रं गोऱ्यांच्या हातात होती. त्यांनी ‘बॉम्बे क्रॉनिकल’ काढलं आणि संपादक म्हणून आणलं हॉर्निमनना. मेहता मवाळ होते, हॉर्निमन मात्र अजिबात मवाळ निघाले नाहीत. दोन वर्षांतच मेहता वारले आणि पत्र होमरूलवाल्यांचं, म्हणजे स्वराज्य मागणाऱ्यांचं, मुखपत्र असल्यासारखंच झालं. हॉर्निमन स्वतः ॲनी बेझंटबाईंच्या होमरूल लीगचे उपाध्यक्ष होते.

त्या काळी वर्तमानपत्र चालवणं म्हणजे काय होतं, हे तुला कळावं म्हणून थोडं सांगते. १९१० च्या प्रेस ॲक्टने सरकारला छापखान्याकडून जामीन म्हणून रक्कम मागायचा अधिकार दिला होता. मजकूर खटकला की ती रक्कम जप्त. पुन्हा छापायचं तर आणखी मोठा जामीन. त्यानंतरही लिहीत राहिलात तर छापखानाच जायचा. संपादकाला तुरुंगात टाकायचीसुद्धा गरज नाही, मालकच घाबरून त्याचा हात धरणार. या कायद्याविरुद्ध १९१५ मध्ये पत्रकारांची संघटना उभी राहिली, तिचे अध्यक्ष हॉर्निमन होते. ज्या कायद्याचा फटका मुख्यतः देशी पत्रांना बसत होता, त्याविरुद्ध हा गोरा संपादक पुढे उभा राहिला. मला त्यांच्याबद्दल सगळ्यात जास्त आदर वाटतो तो इथे.

आता तू ज्या पायऱ्यांवर बसून फोटो काढलास त्यांची गोष्ट. एशियाटिकची ती इमारत म्हणजे मुंबईचा टाउन हॉल. जून १९१८ मध्ये गव्हर्नर विलिंग्डनने तिथे पहिल्या महायुद्धासाठी युद्धपरिषद भरवली होती. लोकमान्य टिळक बोलायला उभे राहिले. युद्धाला मदत करू, पण स्वराज्याचं काय, हा त्यांचा मुद्दा. विलिंग्डनने त्यांना मध्येच तोडलं, तेव्हा लोकमान्य सभा सोडून बाहेर पडले. त्याच वर्षी डिसेंबरात विलिंग्डन मुंबईतली मुदत संपवून निघाला आणि शहरातल्या बड्या मंडळींनी मुंबईकरांच्या नावाने त्याचं स्मारक करायचा ठराव करायला तिथेच सभा बोलावली. या वेळी विरोधक तयारीनिशी आले होते. पुढारी होते जिना आणि हॉर्निमन. हो, तेच जिना. त्यांच्या माणसांनी आधीच येऊन खुर्च्या धरल्या. ठराव मांडायला लागताच सभागृहभर ‘नाही, नाही’चा गजर. कुणाचं काही ऐकू येईना, शेवटी पोलिसांनी सभागृह रिकामं केलं. गव्हर्नराचं स्मारक मुंबईच्या जनतेच्या नावावर खपवता आलं नाही. ज्या दारातून त्या दिवशी पोलिसांनी लोकांना बाहेर काढलं, त्याच्यासमोरच आज हॉर्निमनचं नाव आहे. हे आठवलं की मला खरंच अभिमान वाटतो.

पुढचं वर्ष १९१९. रौलट कायद्याविरुद्ध गांधीजींनी सत्याग्रह सभा काढली, तिच्या उपाध्यक्षपदी हॉर्निमन. ६ एप्रिलला मुंबईत हरताळ झाला. १३ तारखेला अमृतसरला जालियनवाला बाग घडली आणि पंजाबातून बातमी बाहेर पडणं बंद झालं. ‘क्रॉनिकल’ मात्र पंजाबबद्दल लिहीतच राहिलं. २६ एप्रिलला मुंबई सरकारने हॉर्निमनना पकडलं. ते आजारी होते, तरी उचलून थेट बोटीवर चढवलं आणि इंग्लंडला रवाना केलं. ना खटला, ना वकील. इंग्रजाला त्याच्याच देशात हद्दपार केलं! गांधीजींनी त्यांचा गौरव शूर आणि उदार इंग्रज असा केला. ‘क्रॉनिकल’वर सेन्सॉर बसला, काही काळ पत्र बंद राहिलं. ती पोकळी भरून काढायला ‘यंग इंडिया’ गांधीजींच्या हाती देण्यात आलं. गांधीजी हिंदुस्थानात संपादक झाले ते असे.

बोटीतून जाताना हॉर्निमननी पंजाबचे पुरावे आणि फोटो लपवून नेले. लंडनला पोचल्यावर ‘डेली हेरल्ड’ या मजूर चळवळीच्या दैनिकातून त्यांनी जालियनवाला बागेची हकिगत इंग्रज वाचकांपुढे ठेवली. पुढच्या वर्षी त्यावर पुस्तकही लिहिलं. या भागात आणखी एक नाव मला तुझ्या मनावर बिंबवायचं आहे, गोवर्धन दास. ‘क्रॉनिकल’साठी पंजाबची बातमी पाठवणारे हेच. त्यांना तीन वर्षांची शिक्षा झाली. संपादक गोरा होता, तो बोटीवर गेला. बातमीदार हिंदुस्थानी होता, तो तुरुंगात गेला. हॉर्निमनबद्दल कितीही भरभरून बोललीस तरी या माणसाचं नाव गाळू नकोस.

मायदेशी गप्प बसणं काही त्यांना जमलं नाही. परत यायला पासपोर्ट मिळेना, तेव्हा जानेवारी १९२६ मध्ये ते सिलोनमार्गे मद्रासला उतरले आणि पुन्हा ‘क्रॉनिकल’च्या खुर्चीत बसले. पुढे स्वतःचं ‘इंडियन नॅशनल हेरल्ड’ काढलं, मग १९३३ पासून ‘बॉम्बे सेंटिनल’ हे सांजदैनिक बारा वर्षं चालवलं. १९४१ मध्ये रुसी करंजिया आणि दिनकर नाडकर्णी यांच्याबरोबर ‘ब्लिट्झ’ हे साप्ताहिक सुरू केलं. तुझे आजोबा ज्याचा अंक कधी चुकवायचे नाहीत ते हेच. १९४८ च्या ऑक्टोबरात हॉर्निमन वारले. देश स्वतंत्र झालेला त्यांनी पाहिला.

आता तुझ्या प्रश्नाचा राहिलेला भाग. ‘आपण इंग्रजांचा राग करतो की नाही?’ असं तू विचारलंस. यासाठी हॉर्निमनच्या शेजारी आणखी एक इंग्रज पत्रकार उभा करते, व्हॅलेंटाइन चिरोल. हा लंडनच्या ‘टाइम्स’चा परराष्ट्र विभाग सांभाळायचा. १९१० मध्ये, टिळक मंडालेच्या तुरुंगात असताना, त्याने हिंदुस्थानातल्या असंतोषावर पुस्तक लिहिलं आणि सगळं खापर टिळकांवर फोडलं. शाळेत आम्ही घोकलेलं ‘भारतीय असंतोषाचे जनक’ हे त्याचंच बोलणं. त्याने ते आरोप म्हणून लिहिलं आणि आपण बिरुद म्हणून डोक्यावर घेतलं. टिळकांनी त्याच्यावर लंडनला अब्रुनुकसानीचा दावा लावला. चिरोलतर्फे कार्सनसारखा नामांकित बॅरिस्टर होता. फेब्रुवारी १९१९ मध्ये टिळक हरले, खर्चाचा डोंगर अंगावर पडला आणि तो फेडायला महाराष्ट्राने वर्गणी काढली. त्यानंतर दोनच महिन्यांनी मुंबईतून हॉर्निमनना बोटीवर चढवलं. टिळक तेव्हा लंडनलाच होते.

दोघेही इंग्रज, दोघेही पत्रकार, दोघांनीही आपापल्या देशाचं भलं बघतोय असंच म्हटलं असतं. एकाला सर केलं, दुसऱ्याला देशातून हाकललं. आपल्या माणसांनी चिरोलला आजवर माफ केलेलं नाही आणि हॉर्निमनना फोर्टाच्या मध्यभागी जागा दिली. राग होता तो सत्तेचा. वंशाचा किंवा कातडीचा नव्हता. इथे इंग्लंडमध्ये राहताना हे मी तुला खरं तर आधीच सांगायला हवं होतं. तू विचारलंस म्हणून नीट सांगता आलं.

शाळेत तुला या विषयावर बोलायचं आहे म्हणालीस. तर सुरुवात चिरोलपासून कर. ‘टाइम्स’ इथे इंग्लंडमध्ये सगळ्यांना ठाऊक आहे, मुलं लगेच कान देतील. त्यानंतर टाउन हॉलची सभा सांग, मग हॉर्निमनची बोट. जिनांचं नाव आलं की कुणीतरी हमखास हात वर करेल. १९१८ चे जिना वेगळे होते, एवढं सांगून पुढे जा. गोवर्धन दासांना मात्र दोन मिनिटं दे.

आत्याला सांग, लोणच्याची बरणी बॅगेत कपड्यांच्या मध्ये ठेव म्हणावं.

तुझी,
आई