समुद्रफूल खातं कसं, हे बोडीच्या पाण्यातही बघता येतं

ताई, तुमच्या सातवीच्या मुलांचा प्रश्न अगदी रास्त आहे. समुद्रफूल (सी अ‍ॅनिमोन) जागचं फारसं हलत नाही, त्याला डोळे नाहीत, मग ते मासा पकडतं कसं आणि खातं कुठून? गोंदियाकडच्या पोरांनी समुद्र पाहिला नाही म्हणून नुसत्या चित्रावर भागवू नका. त्याच संघातला, म्हणजे प्राण्यांच्या त्याच मोठ्या गटातला, गोड्या पाण्यातला हायड्रा तुमच्या मामा (माजी मालगुजारी) तलावात किंवा धानाजवळच्या बोडीत, म्हणजे छोट्या तळ्यात, सापडण्याची चांगली शक्यता आहे.

आधी समुद्रफुलाचं सांगतो. ते प्राणीच आहे, आणि मांसाहारी. खालची चकती खडकाला चिकटलेली, वर शुंडकांचं, म्हणजे लवचीक सोंडांचं कडं, मधोमध तोंड. खरी करामत शुंडकांवरच्या दंशपेशींत आहे. प्रत्येक पेशीत एक सूक्ष्म कुपी, आणि कुपीत शर्टाची बाही उलटी करून आत ओढावी तसा पोकळ धागा. कोळंबी किंवा मासा जवळ आला की त्याच्या अंगावरच्या बुळबुळीत स्रावातली रसायनं शुंडकांना लागतात आणि दंशपेशी स्पर्शाला, कंपनांना जास्त संवेदनशील होतात. रसायन आणि धक्का दोन्ही मिळाले की धागा जोरात सुटतो आणि भक्ष्यात विष सोडतो. ही काटकसर गरजेची आहे, कारण एक कुपी एकदाच सुटते. पुढच्या वेळी नवी तयार करावी लागते. हायड्राच्या कुपीतला दाब वातावरणाच्या सुमारे १५० पट असतो आणि तिच्यातला टोचणारा काटा सुटायला सेकंदाच्या दहा लाखाव्या भागाहूनही कमी वेळ लागतो. हे आकडे मुलांना जरूर सांगा, वर्ग डोळे विस्फारून ऐकतो.

विष भिनून भक्ष्य लुळं पडलं की शुंडकं ते तोंडाकडे नेतात. तोंडाच्या आत घशाचं नळकांडं, त्याच्या पुढे एकच मोठी पोकळी असते आणि तिच्यात उभे पडदे. पडद्यांच्या कडा भक्ष्याला बिलगून पाचकरस सोडतात. विरघळलेले कण मग पेशी आत घेतात. कवच, काटे जे उरेल ते त्याच तोंडातून बाहेर पडतं, कारण दुसरं दार नाहीच. मेंदूही नाही; अंगभर पसरलेलं चेतापेशींचं जाळं सगळं सांभाळतं. काही जातींच्या शरीरात सूक्ष्म शैवालं राहतात आणि उन्हात बनवलेल्या अन्नातला वाटा देतात.

आता हायड्रा. थंडीच्या दिवसांत, जिथे धानावर फवारलेलं औषध वाहून येत नाही अशी बोडी निवडा. शिंगाडा लावणाऱ्या ढीवर (मासेमार) बांधवांना विचारा, कुठलं पाणी नितळ आणि संथ आहे ते त्यांना नेमकं ठाऊक असतं. पाणवनस्पतींसकट पाणी काचेच्या बरणीत भरा. तांब्याचं भांडं अजिबात नको, तांबं हायड्राला मारक आहे. ब्लीचिंग पावडर टाकलेल्या विहिरीचं पाणीही मिसळू नका. बरणी थेट ऊन येणार नाही अशा खिडकीत दिवसभर ठेवा. उजेडाकडच्या काचेवर किंवा पानांच्या खाली पाच-दहा मिलिमीटरचे बारीक, फिकट तपकिरी जीव दिसतील. हात लागला तरी त्यांचा दंश मुलांना जाणवत नाही.

त्याच तलावातले उड्या मारत फिरणारे डॅफ्निया (पाणपिसवा) ड्रॉपरने जवळ सोडा आणि मुलांच्या हाती भिंग द्या. डॅफ्निया शुंडकाला लागतो, तडफडतो, थंड पडतो. मग तोंड ताणून हायड्रा तो अख्खा गिळतो आणि अंग फुगतं. तोंड उघडण्याचा इशारा भक्ष्याच्या जखमेतून झिरपणाऱ्या ग्लुटाथायोन या रसायनाचा असतो, हे शास्त्रज्ञ लूमिस यांनी १९५५ मध्ये दाखवलं. नुसतं ग्लुटाथायोन पाण्यात घातलं तरी हायड्रा तोंड उघडतो. काही समुद्रफुलांमध्ये हेच काम अमिनो आम्लं करतात.

एक फरक मात्र नक्की सांगा: हायड्राला ते घशाचं नळकांडं नाही, पोकळीत उभे पडदे नाहीत. नाहीतर मुलं त्याला छोटं समुद्रफूलच समजतील. आणि खाऊ घातल्यावर काही तासांनी पाणी बदला, तेही तलावाचंच. उरलेलं अन्न कुजलं की हायड्रा टिकत नाही.